ठाण्यात मूक रहस्यपट करताना

संवादाविना रहस्यकथा सांगायची असेल, तर ‘खुनी कोण’ हा प्रश्न आधी बाजूला ठेवावा. ज्या कोड्याचे उत्तर पाटीवर, म्हणजे दृश्यांमध्ये येणाऱ्या लिखित मजकुराच्या चौकटीवर, लिहून द्यावे लागते, ते मूकपटात फुकट जाते. प्रेक्षकाने पाहिलेली, पण ओळखण्यात चुकलेली एक वस्तू शोधावी. अमेरिकी दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांच्या १९११ सालच्या ‘द लोनडेल ऑपरेटर’मध्ये तारघरात अडकलेली तरुणी हातातील चकाकणारे पिस्तूल रोखून चोरांना थोपवते, आणि सुटका झाल्यावर क्लोजअपमध्ये कळते की तो साधा पाना होता. १९०० सालच्या ‘शेरलॉक होम्स बॅफल्ड’मध्ये मात्र चोर नुसता गायब होतो, मला तो रहस्यापेक्षा कॅमेऱ्याचा जादूचा खेळ वाटतो.

आता हेच ठाणे शहराच्या नौपाडा भागातील एखाद्या जुन्या इमारतीत आणून पाहावे. पहिल्याच दृश्यात आजी छोट्या सुरीने लाल भोपळा कापताना मेटाकुटीला आलेली दिसावी. ती सुरी का वापरते, हे कोणीही सांगू नये. मग जिन्यावर एक अनोळखी माणूस, हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेले काहीतरी, त्यातून डोकावणारे पाते. तिकडे आजोबा तलावपाळीवरून रमतगमत परत निघालेले. जिना, स्वयंपाकघर आणि रस्ता अशी दृश्ये आलटून पालटून जोडावीत आणि प्रत्येक फेरीत ती आखूड करत जावीत. लोइस वेबर आणि फिलिप्स स्मॉली यांनी १९१३ च्या ‘सस्पेन्स’मध्ये एकाच चौकटीचे तीन भाग करून घुसखोर, पत्नी आणि पती एकत्र दाखवले होते, तो प्रयोग एकदाच, आणि शेवटाजवळच करावा.

खरी कसोटी आवाजाची असते. कडी वाजली, हे आजीची सुरी मध्येच थांबण्यातून आणि मान दाराकडे वळण्यातून कळले पाहिजे. कडीचे वेगळे दृश्य घेतले की तो क्षण मरतो. रात्र हवी असल्यास त्या काळच्या पद्धतीप्रमाणे दिवसा चित्रण करून निळी छटा द्यावी.

एक हजार फुटांची रीळ सेकंदाला १६ चौकटींच्या वेगाने सुमारे १६ मिनिटे ४० सेकंद चालते, पण या कथेला दहा मिनिटे पुष्कळ झाली. दार उघडते, कागद सुटतो आणि धार लावून आणलेली आजीचीच विळी क्लोजअपमध्ये येते. संपूर्ण चित्रपटातील हा एकमेव क्लोजअप असावा, आणि त्यानंतर पाटी नको.