आरंभीची ख्रिस्ती पत्रे कशी वाचावीत

बायबलच्या नव्या करारातील २७ पुस्तकांपैकी २१ पत्रे आहेत, आणि तरीही पत्र म्हणून ती फारच कमी वाचली जातात. प्रवचनातून, लग्नपत्रिकेवरून किंवा भिंतीवरच्या दिनदर्शिकेवरून त्यांतले एखादे वचन आपल्यापर्यंत येते, पाठही होते. पण ते कोणी, कोणाला आणि कशासाठी लिहिले हे विचारायचे राहून जाते. या तीन प्रश्नांच्या उत्तरांवाचून या पत्रांचा अर्थ नीट लागत नाही, असे माझे ठाम मत आहे. ही उत्तरे बहुतांशी त्या पत्रांतच दडलेली असतात. ती कशी शोधावीत, हे येथे सांगायचे आहे. वाचणारा श्रद्धेने वाचत असो वा इतिहासाच्या ओढीने, ही रीत दोघांनाही उपयोगी पडते.

पत्र लिहिण्याची वेळ का आली

इ.स. पहिल्या शतकाच्या मध्यावर येशूची सुवार्ता सांगणारा यहूदी प्रेषित पौल आशिया मायनर (आजचा तुर्कस्तान) आणि ग्रीसमधील शहरांतून फिरत होता. एखाद्या शहरात काही आठवडे वा महिने राहायचे, कोणाच्या तरी घरी जमणारी छोटी मंडळी उभी करायची आणि पुढच्या शहराकडे निघायचे, असा त्याचा क्रम होता. तो निघून गेला की मागे प्रश्न उभे राहत. परत जाणे शक्य नसेल तेव्हा तो एखाद्या सहकाऱ्याला पाठवी, नाहीतर पत्र लिही, आणि पुष्कळदा दोन्ही करी. दूरच्या आपल्या माणसांना पत्राने धीर देण्याची ही पद्धत यहूदी परंपरेत आधीपासून होती. बाबेलमध्ये बंदिवासात गेलेल्यांना यिर्मया संदेष्ट्याने पाठवलेले पत्र त्याच्या ग्रंथाच्या २९ व्या अध्यायात आजही वाचता येते.

थेस्सलनीकाकरांस, म्हणजे ग्रीसमधील थेस्सलनीका शहराच्या मंडळीला, लिहिलेले पहिले पत्र हे याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण आहे. पौलाला ते शहर घाईने सोडावे लागले होते. अथेन्सहून त्याने तीमथ्याला परत तिकडे धाडले, तीमथ्य चांगली बातमी घेऊन आला आणि त्यानंतर हे पत्र लिहिले गेले, हा सगळा घटनाक्रम तिसऱ्या अध्यायात स्पष्ट आहे. पण तीमथ्याने बातमीबरोबर एक चिंताही आणली असावी, कारण चौथ्या अध्यायात पौल अचानक मृतांविषयी बोलू लागतो. प्रभू येशू लवकरच परत येणार या आशेवर जगणाऱ्या त्या मंडळीतली काही माणसे मधल्या काळात वारली होती, आणि ती त्या आगमनाला मुकणार की काय, या विचाराने घरची माणसे व्याकूळ झाली होती. आज अंत्यविधीच्या वेळी वाचला जाणारा तो उतारा मुळात अशा शोकात बुडालेल्या, ओळखीच्या घरांसाठी लिहिला गेला, हे कळल्यावर त्याचा एकेक शब्द जवळचा वाटू लागतो.

हे पत्र साधारण इ.स. ५० ते ५१ च्या सुमारास करिंथहून लिहिले गेले असे मानतात. त्याला आधार आहे तो डेल्फी येथे सापडलेल्या एका शिलालेखाचा. त्यात गल्लियो या रोमन अधिकाऱ्याचा उल्लेख असून त्यावरून तो ५१-५२ च्या सुमारास अखया प्रांताचा सुभेदार होता असे ठरते; आणि करिंथमध्ये पौलाला याच गल्लियोपुढे उभे केले होते असे नव्या करारातील ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकात म्हटले आहे. शुभवर्तमानांत, म्हणजे येशूच्या चरित्रग्रंथांत, सर्वांत जुने मानले जाणारे मार्काचे शुभवर्तमान इ.स. ७० च्या आसपासचे धरतात. म्हणजे छापील क्रमात शुभवर्तमाने आधी असली तरी पौलाची पत्रे त्यांच्या आधीची आहेत, आणि आपल्या हाती असलेले सर्वांत जुने ख्रिस्ती लिखाण तेच आहे.

पत्र घडण्याची रीत ध्यानात ठेवावी

पौल बहुधा तोंडी सांगे आणि लेखक पपायरसवर बोरूने लिहून घेई. रोमकरांस पत्राच्या शेवटच्या अध्यायात तर्तिय नावाचा लेखक मध्येच स्वतःचा नमस्कार घालतो, म्हणून त्याचे नाव आपल्याला ठाऊक आहे. तोंडी सांगण्याची खूण करिंथकरांस पहिल्या पत्राच्या (थोडक्यात १ करिंथच्या) पहिल्या अध्यायात फार छान उमटली आहे. पौल म्हणतो, मी तुमच्यापैकी क्रिस्प आणि गायस यांखेरीज कोणाचाही बाप्तिस्मा केला नाही. मग त्याला आठवते आणि तो जोडतो, हो, स्तेफनच्या घरच्यांचाही केला. आणि पुढे सांगतो, आणखी कोणाचा केला असल्यास आठवत नाही. बसून, खोडून, पुन्हा लिहिलेल्या ग्रंथात असे वाक्य टिकले नसते.

रोमन साम्राज्याची डाकव्यवस्था केवळ सरकारी कामासाठी होती. खासगी पत्र त्या दिशेने जाणाऱ्या माणसाच्या हातीच द्यावे लागे, त्यामुळे पत्र नेणाऱ्याला फार महत्त्व होते. रोमकरांस पत्र किंख्रिया या करिंथच्या बंदरातील मंडळीची सेविका फिबी हिने नेले असे समजतात, कारण पौल तिची शिफारस करून तिचा नीट स्वीकार करा असे सांगतो. कलस्सैकरांस पत्रात, माझे बाकीचे वर्तमान तुखिक तुम्हाला सांगेल, असे वाक्य आहे. पत्र पोहोचवणारा माणूस समोर बसून न लिहिलेलेही सांगत असे, शंकांना उत्तरे देत असे. आपल्याला काही ठिकाणी दुवा तुटल्यासारखा वाटतो त्याचे हे एक मोठे कारण आहे.

ही पत्रे एकट्याने मनात वाचण्यासाठीही नव्हती. सर्व बंधूंना हे पत्र वाचून दाखवा, अशी शपथच थेस्सलनीकाकरांना घातली आहे. वसईच्या चर्चमध्ये रविवारच्या मिस्सेत, म्हणजे मुख्य उपासनेत, दुसरे वाचन बहुधा या पत्रांतूनच होते, तेव्हा ती आपल्या मूळच्या रूपात, जमलेल्या माणसांच्या कानांवर पडत असतात. मात्र त्या वेळी काही ओळीच वाचल्या जातात. म्हणून पहिली सूचना अशी, की संपूर्ण पत्र एका बैठकीत आणि शक्य तर मोठ्याने वाचावे. अध्याय तेराव्या शतकात पाडले गेले आणि नव्या करारातील वचनांचे आजचे क्रमांक १५५१ मध्ये आले. या आकड्यांपाशी थांबू नये. अनेक ठिकाणी अध्याय बदलतो पण मुद्दा चालूच असतो.

मायना आणि ताजा कलम

त्या काळच्या ग्रीक पत्राचा मायना ठरलेला असे: अमक्याकडून अमक्याला नमस्कार. पुढे प्रकृतीची विचारपूस, देवाचे आभार, मग काम, आणि शेवटी इतरांना नमस्कार. पौल हाच साचा घेतो, पण नमस्काराच्या जागी कृपा आणि शांती हे शब्द ठेवतो आणि आभारप्रदर्शन लांबवून त्यात पुढच्या विषयाची सूचना करतो. त्यामुळे साचा कोठे मोडला आहे ते पाहणे ही दुसरी सूचना. गलतीकरांस पत्रात आभार अजिबात नाहीत. मायना संपताच, तुम्ही इतक्या लवकर दुसऱ्याच सुवार्तेकडे वळलात याचे मला आश्चर्य वाटते, असे तो सुनावतो. पत्र मोठ्याने वाचले जात असताना आभाराची वाट पाहणाऱ्या मंडळीला हे कसे लागले असेल याची कल्पना करावी. सुंता झाल्याशिवाय परराष्ट्रीयांना, म्हणजे यहूदी नसलेल्यांना, पूर्ण स्थान नाही, असे सांगणारे लोक तेथे आले होते, आणि सारे पत्र त्या एका वादाभोवती फिरते. शेवटी लेखकाच्या हातातला बोरू घेऊन पौल स्वतः लिहू लागतो आणि म्हणतो, पाहा, मी किती मोठ्या अक्षरांत लिहीत आहे. हा त्याचा ताजा कलम, आणि त्यात सबंध पत्राचा गाभा येतो.

समोरच्याचे म्हणणे ऐकावे

तिसरी सूचना सर्वांत महत्त्वाची आहे. आपल्या हाती एकाच बाजूचे बोलणे आहे. दुसरी बाजू उत्तरांवरून ताडावी लागते. यासाठी १ करिंथ घ्यावे. ज्याला आपण पहिले पत्र म्हणतो त्याच्या पाचव्या अध्यायात पौल आपल्या आधीच्या एका पत्राचा उल्लेख करतो. ते पत्र आज उपलब्ध नाही. ख्लोवे नावाच्या स्त्रीच्या माणसांनी त्याला तोंडी बातमी दिली होती की मंडळीत तट पडले आहेत. याशिवाय करिंथकरांनी लेखी प्रश्न पाठवले होते, कारण सातव्या अध्यायाच्या आरंभी पौल म्हणतो, आता तुम्ही जे लिहिले त्याविषयी. येथून पुढे विवाह, मूर्तीला दाखवलेला नैवेद्य, आत्मिक दाने, यरुशलेमसाठीची वर्गणी असे विषय एकामागून एक येतात. पेन्सिल घेऊन प्रत्येक ‘विषयी’पाशी समासात खूण करावी आणि करिंथकरांनी काय विचारले असेल ते एका वाक्यात लिहून पाहावे.

प्राचीन ग्रीक लिखाणात अवतरणचिन्हे नव्हती, याचा येथे मोठा परिणाम होतो. ‘सर्व गोष्टींची मला मोकळीक आहे’ हे वाक्य पौलाच्या पत्रात आहे, परंतु अनेक अभ्यासकांच्या मते ते करिंथकरांचे घोषवाक्य असून पौल ते उद्धृत करतो आणि लगेच मर्यादा घालतो. ‘स्त्रीला स्पर्श न करणे बरे’ याबाबतही तोच प्रश्न उठतो. तेव्हा एखाद्या ठाम विधानामागून लगेच ‘परंतु’ येत असेल, तर ते विधान कोणाचे आहे हे तपासल्याखेरीज पौलाच्या नावावर मांडू नये. दोन मराठी भाषांतरे शेजारी ठेवली तर अशा जागा लवकर दिसतात. पंडिता रमाबाईंनी मूळ भाषांवरून केलेले आणि त्यांच्या पश्चात १९२४ मध्ये पूर्ण छापले गेलेले भाषांतर मिळाले तर तेही जवळ ठेवावे.

अकराव्या अध्यायातील प्रभुभोजनाचा, म्हणजे येशूच्या शेवटच्या भोजनाच्या स्मरणविधीचा, उतारा याच रीतीने वाचावा. तो सिद्धांत मांडण्यासाठी आलेला नाही. एकत्र जेवायला जमल्यावर काही जण आधीच जेवून, पिऊन तर्र होत होते आणि उशिरा आलेले गरीब उपाशी राहत होते, याचा पौलाला संताप आला होता. ज्यांच्याजवळ काही नाही त्यांना तुम्ही लाजवता काय, हा त्याचा प्रश्न आहे. प्रभूने त्या रात्री भाकर घेतली, हे आपल्या उपासनेतले अतिपवित्र शब्द त्याने या भांडणाच्या मध्यभागी ठेवले आहेत. मला या पत्रांबद्दल आस्था वाटते ती यासाठीच.

फिलेमोनावर हात बसवावा

सराव करण्यासाठी फिलेमोनाला लिहिलेले पत्र घ्यावे. त्यात २५ वचनेच आहेत. पौल तुरुंगात आहे आणि अनेसिम नावाच्या गुलामाला त्याच्या धन्याकडे परत पाठवत आहे. पत्र फिलेमोनाला असले तरी मायन्यात अप्फिया, अर्खिप्प आणि घरात जमणारी मंडळी यांचीही नावे आहेत, म्हणजे ही विनंती चारचौघांत वाचली जाणार होती. पौल म्हणतो, मी आज्ञा करू शकलो असतो, पण प्रीतीस्तव विनंती करतो. याला दास म्हणून नव्हे तर प्रिय बंधू म्हणून घे. त्याचे काही देणे असेल तर माझ्या नावे मांड. येथे तो स्वतःच्या हाताने लिहितो की मी फेडीन, आणि त्या काळच्या व्यवहारात स्वहस्ते लिहिलेली अशी हमी म्हणजे कर्जरोखाच होता. शेवटी, माझ्यासाठी राहण्याची सोय करून ठेव, असे तो कळवतो. पाहायला मी स्वतः येणार आहे, हा त्यातला अर्थ फिलेमोनाला कळला असणारच. गुलामीतून मुक्त कर असे मात्र पत्रात सरळ शब्दांत कोठेच नाही, आणि ते मौन वाचकाने भरून काढू नये.

लेखक कोण, हा प्रश्न

पौलाच्या नावाची १३ पत्रे आहेत. त्यांपैकी रोमकरांस, करिंथकरांस दोन्ही, गलतीकरांस, फिलिप्पैकरांस, थेस्सलनीकाकरांस पहिले आणि फिलेमोनाला ही ७ त्याचीच, यावर अभ्यासकांत जवळजवळ एकमत आहे. उरलेल्या ६ पत्रांबद्दल मतभेद आहेत. तीमथ्याला दोन आणि तीताला एक ही पत्रे त्याच्या पश्चात लिहिली गेली असे बहुसंख्य अभ्यासकांना वाटते. इब्री लोकांस पत्रात लेखकाचे नावच नाही. याने बिचकून जाऊ नये. आरंभ मात्र त्या ७ पत्रांपासून करावा, म्हणजे पौलाचा आवाज ओळखीचा होतो आणि बाकीच्यांतील फरक आपल्यालाच जाणवू लागतो.

पत्रे एकत्र कशी आली हे थोडक्यात सांगतो. मंडळ्या ती जपून ठेवत, नकला करून एकमेकींना देत. कलस्सै येथील पत्र लावदिकीयातही वाचावे अशी सूचना त्या पत्रातच आहे. इ.स. २०० च्या सुमाराची, पपायरसवरील पौलाच्या पत्रांची एक प्रत आज काही डब्लिनमध्ये आणि काही मिशिगन विद्यापीठात जपलेली आहे. पत्रे लिहिण्याची प्रथाही पौलाबरोबर थांबली नाही: पहिल्या शतकाच्या अखेरीस रोमच्या मंडळीने करिंथला पत्र पाठवले, आणि त्यानंतर अंत्युखियाचा बिशप इग्नेशियस याने पहाऱ्यात रोमकडे नेले जात असताना वाटेत सात पत्रे लिहिली.

छापील बायबलमध्ये पौलाची पत्रे आधी मंडळ्यांना आणि मग व्यक्तींना अशी, साधारण लांबीच्या उतरत्या क्रमाने लावली आहेत. त्यांचा काळाशी संबंध नाही. म्हणून थेस्सलनीकाकरांस पहिले पत्र, फिलेमोन, १ करिंथ आणि गलती या क्रमाने वाचावे आणि रोमकरांस पत्र त्यानंतर हाती घ्यावे. ते सर्वांत लांब आणि सर्वांत कसून लिहिलेले आहे, पण त्यालाही निमित्त आहे. ते १५ व्या अध्यायात सापडते: पौलाला यरुशलेमला वर्गणी पोहोचवून, रोममार्गे स्पेनला जायचे आहे आणि ज्या मंडळीने त्याला पाहिलेले नाही तिची मदत हवी आहे. त्यामुळे या पत्राचे वाचन १५ व्या आणि १६ व्या अध्यायांपासून सुरू करावे. सोळाव्यात प्रिस्का आणि अक्विल्ला, अंद्रोनीक आणि युनिया, रूफ आणि त्याची आई, अशी वीसहून अधिक नावे आहेत. त्यांत स्त्रिया किती, गुलामांत आढळणारी नावे कोणती, कोणाच्या घरी मंडळी जमते, हे टिपून घ्यावे आणि मग त्या माणसांना समोर बसवून पहिल्या अध्यायाकडे वळावे.