सेल्फ-हेल्पचं पुस्तक लिहायचंय आणि स्वतःच काढायचंय? पुण्यातल्या अनुभवावरून

मला येणारा फोन साधारण असा असतो: "मॅडम, प्रेरणादायी पुस्तक लिहून तयार आहे. छापायला किती खर्च येईल?" मी उलट विचारते, यातलं किती तुम्ही कुणासमोर बोलून पाहिलंय? बहुधा उत्तर येतं, "अजून नाही, पुस्तक आलं की व्याख्यानं सुरू करणार." हा क्रम उलटा आहे, आणि पुढचे बरेचसे त्रास त्यातूनच निघतात.

कथा-कादंबरी खोलीत एकट्याने बसून लिहिता येते. सेल्फ-हेल्प, म्हणजे आमच्या दुकानदारांच्या बोलीत 'व्यक्तिमत्त्व विकास', हे लोकांसमोर बोलून, त्यांचे प्रश्न ऐकून, चार ठिकाणी अडखळून मग कागदावर उतरवायचं काम आहे. हे मी लेखिका म्हणून सांगते त्याहून जास्त प्रकाशक म्हणून सांगते, कारण न बोललेलं पुस्तक विकताना माझाच जीव मेटाकुटीला येतो.

मी मूळची गणिताची शिक्षिका. क्लास सोडल्यावर सदाशिव, नारायण, शनिवार पेठेतल्या अभ्यासिकांमधून बोलायला लागले. पुणं ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते, या पेठांत जुने वाडे पाडून झालेल्या इमारतींमध्ये ठिकठिकाणी अभ्यासिका आहेत. महिन्याच्या भाड्याने एक खुर्ची, हातभर टेबल, डोक्यावर पंखा आणि मराठवाडा, विदर्भ, खानदेशातून आलेली, एमपीएससीच्या मागे लागलेली मुलंमुली. यांच्यासाठी लिहिणारा जो तो वेळेच्या नियोजनावर लिहितो. मी बोलून झालं की कोऱ्या चिठ्ठ्या वाटते. नाव न घालता प्रश्न लिहायचा. नियोजनाची चिठ्ठी क्वचित येते. येतं ते हे: "घरी पैसे मागताना तोंडातून शब्द फुटत नाही." "रूममेट पीएसआय झाला, त्याला अजून फोन केला नाही." "दोघांत एक डबा घेतो, आईला कळलं तर?" आणि सगळ्यांत जास्त वेळा, निरनिराळ्या शब्दांत, "अजून किती अटेम्प्ट द्यायचे हे ठरवायचं कसं?"

हार मानू नका असं सांगणाऱ्या पुस्तकांचा बाजारात ढीग होता. थांबायचं कधी हे सांगणारं मराठीत माझ्या तरी हाताला लागलं नाही. माझं पहिलं पुस्तक तिथून निघालं. त्यातलं वय, शिल्लक पैसे आणि घरची परिस्थिती यांचं कोष्टक आधी फळ्यावर होतं. एका अभ्यासिकेत मागच्या रांगेतून एक मुलगी म्हणाली, "मॅडम, यात लग्नासाठी घरून येणारा दबाव कुठंय?" रकाना वाढला. दुसरीकडे एकाने विचारलं, की बी.एड. झालेल्याचा आणि नुसत्या बी.ए.वाल्याचा हिशेब एकच कसा? तिथे पुन्हा बदल. पुस्तक छापखान्यात गेलं तेव्हा त्या कोष्टकावर इतके हात फिरले होते, की वाचकाला ते आपल्यासाठीच केलंय असं वाटतं. नवख्यांना माझं एकच सांगणं असतं. विषय 'यश' ठेवू नका. एक वाचक, एक अडचण, तेवढंच धरा.

बोलायला जागा मिळत नाही ही तक्रार निदान पुण्यात चालत नाही. न्यायमूर्ती रानड्यांनी १८७५ मध्ये वसंत व्याख्यानमाला सुरू केली, तेव्हापासून या गावाला ऐकायची सवय आहे, आणि ऐकून झाल्यावर वक्त्याला दुरुस्त करायचीही. तिथलं व्यासपीठ पहिल्याच वर्षी कुणी देणार नाही, पण ज्येष्ठ नागरिक संघ, बँक कर्मचाऱ्यांच्या संघटना, गणेश मंडळं, महिला मंडळं, महाविद्यालयांची एनएसएस शिबिरं यांना वक्ता हवाच असतो. मानधन बहुधा शाल-श्रीफळाचं. (माझ्याकडच्या शाली नात्यातल्या सगळ्या लग्नांना पुरल्या.) मानधनावर घासाघीस न करता दाराशी पुस्तकांचं टेबल लावायची परवानगी मागा, आणि ती कार्यक्रम ठरतानाच मागा. टेबलावर दुसरं माणूस बसवा. स्वतः बसलात तर लोक गप्पा मारतात, पुस्तक घेत नाहीत. क्यूआर कोड लावाच, पण सुटे पैसेही ठेवा. ज्येष्ठ नागरिक संघात नोटाच निघतात.

आता हिशेब. डेमी आकाराचं (म्हणजे नेहमीच्या पुस्तकाएवढं) १६० पानी पुस्तक, किंमत २०० रुपये असं धरू. वितरक निम्मे घेतो, उरले १००. कागद, छपाई, बांधणी हजार प्रतींच्या भावाने ५५ पर्यंत जाते. दहा टक्के रॉयल्टी म्हणजे २०. राहिले २५. या पंचविसात अक्षरजुळणी, मुद्रितशोधन, मुखपृष्ठ, टेम्पो, भेटप्रती, गठ्ठे ठेवायची जागा आणि पावसाळ्यात कुबट वास लागलेल्या प्रती, हे सगळं बसवायचं. शिवाय हे १०० हातात येतात ते विक्रीनंतर, उधारी सुटेल तेव्हा. न खपलेला माल परत येतो तो कोपरे दुमडून. तीच प्रत व्याख्यानाच्या टेबलावर २० टक्के सवलतीने १६० ला गेली, तर छपाई आणि रॉयल्टी वजा जाता ८५ उरतात, आणि त्याच संध्याकाळी. दुकानं सोडा असं मी म्हणत नाही. ज्याने तुम्हाला ऐकलं नाही त्याच्यापर्यंत पुस्तक दुकानातूनच पोचतं. पण पहिल्या हजार प्रती दुकानांच्या भरवशावर छापू नयेत.

रॉयल्टी स्वतःलाच द्यायची असली तरी वेगळी काढा. लेखकाचं खातं निराळं, प्रकाशनाचं निराळं. नाहीतर वर्षाअखेरीला कळत नाही, की पुस्तकाने कमावलं की तुमच्या कार्यशाळांनी पुस्तकाला पोसलं. प्रकाशन संस्था काढायला फार काही लागत नाही. एकल मालकी, चालू खातं, उद्यम नोंदणी (म्हणजे लघुउद्योग म्हणून नोंद; ती सरकारी पोर्टलवर मोफत होते, पैसे मागणाऱ्या संकेतस्थळांच्या नादी लागू नका) आणि शॉप अ‍ॅक्टखाली, म्हणजे दुकानं-आस्थापनांच्या कायद्याखाली, सूचना. कामगार मोजकेच असतील तर २०१७ च्या कायद्यानुसार ऑनलाइन सूचना पुरते. छापील पुस्तकावर जीएसटी नाही हे ऐकून नवखे खूश होतात. पण छापखान्याच्या बिलावर तो लागतो आणि आपली विक्री करमुक्त असल्याने त्याचा परतावा मिळत नाही, म्हणून तो खर्चातच धरायचा.

आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक, तोसुद्धा मोफत आहे. शिक्षण मंत्रालयाखालची राजा राममोहन रॉय राष्ट्रीय संस्था तो देते, अर्ज ऑनलाइन होतो. 'आयएसबीएनसह पॅकेज' विकणारे खूप भेटतील. त्यांच्या क्रमांकावर पुस्तक काढलंत, तर नोंदीत प्रकाशक म्हणून त्यांचंच नाव राहतं, हे सही करण्यापूर्वी लक्षात घ्या. आणखी एक गोष्ट बरेच छोटे प्रकाशक टाळतात: १९५४ च्या कायद्याप्रमाणे प्रकाशनानंतर ३० दिवसांत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि इतर तीन ठरलेल्या सार्वजनिक ग्रंथालयांना प्रत्येकी एक प्रत स्वखर्चाने पाठवायची असते. चार प्रतींचा खर्च तो काय! पाठवून पोच फाइलला लावावी.

निर्मितीत मी दोन जागी वेळ घालवते. पहिली मजकुराची. अजून पुष्कळ डीटीपी ऑपरेटर (संगणकावर पानं लावणारे) श्रीलिपी या जुन्या फॉन्ट-पद्धतीत काम करतात, आपण मजकूर युनिकोडमध्ये देतो आणि मध्ये तो रूपांतरित होतो. त्यात 'दुसऱ्या'चं 'दुसर्या' होतं, 'करणाऱ्या'चं 'करणार्या'. पडद्यावर डोळा चुकतो, छापल्यावर पान उघडताच तेच दिसतं. प्रूफ आलं की आधी 'र्य' शोधा, 'कार्य', 'सूर्य' सोडून द्या, बाकीचे दुरुस्त करा. मग मुद्रितशोधकाकडे पाठवा. पुण्यात या कामात मुरलेली माणसं आहेत, त्यांचे पैसे वाचवू नका. इथला वाचक ऱ्हस्व-दीर्घाच्या चुकांची यादी करून प्रकाशकाला पत्र लिहितो, आणि ते पत्र बरोबर असतं.

दुसरी जागा पुस्तकाचा कणा. अप्पा बळवंत चौकातल्या, म्हणजे पुण्याच्या पुस्तक-बाजारातल्या, दुकानदाराच्या हातात प्रत दिलीत की तो मुखपृष्ठाकडे ओझरतं बघतो, पुस्तक आडवं धरतो, कण्यावरचं नाव वाचतो, मग मलपृष्ठावरची किंमत. एकदा एकाने मला प्रत परत देत सुनावलं, "हे मांडणीत उभं राहणार मॅडम, झोपणार नाही. नाव दिसतंय का बघा." १६० पानांचा कणा जेमतेम आठ मिलिमीटरचा. त्यावर लांबलचक नाव मुंगीएवढं होतं. नाव दोन-तीन शब्दांचं ठेवा, उपशीर्षकाची हौस मुखपृष्ठावर फेडा. पानंही सोळाच्या पटीत बसवा, कारण फॉर्म, म्हणजे एकत्र छापून दुमडला जाणारा कागद, सोळा पानांचा असतो. १६३ पानं झाली तर अकरावा फॉर्म निघतो आणि तेरा पानं कोरी जातात. त्यापेक्षा तीन पानं कापा. कापल्याने या प्रकारातलं पुस्तक बिघडल्याचं मी पाहिलेलं नाही.

पहिल्या खेपेला दोन-तीनशे प्रती डिजिटलवर काढा. प्रत महाग पडते, पण चुका कळतात. ऑफसेटला, म्हणजे प्लेट बनवून होणाऱ्या छपाईला, हजारांवर गेल्याशिवाय प्लेटचा खर्च अंगावर येतो. आवृत्त्यांच्या आकड्यांनी हुरळू नका. 'पाचवी आवृत्ती' म्हणजे प्रती किती, हे विचारायची पद्धत आपल्याकडे नाही.

सोपा मार्ग म्हणून बरेच जण भाषांतराकडे वळतात. भारतात लेखकाच्या निधनानंतर ६० वर्षं कॉपीराइट असतो. 'हाउ टू विन फ्रेंड्स'वाले डेल कार्नेगी १९५५ मध्ये गेले, म्हणून त्यांची हयातीत निघालेली पुस्तकं २०१६ च्या जानेवारीपासून खुली झाली, आणि एकाच पुस्तकाची इतकी मराठी रूपं का दिसतात याचं उत्तर तिथे आहे. पण त्यांच्या मागे इतरांनी सुधारलेल्या आवृत्त्यांमधला नवा मजकूर त्यात येत नाही, आणि दुसऱ्याच्या मराठी भाषांतरावर त्या भाषांतरकाराचा हक्क असतो. शिवाय खुल्या पुस्तकाच्या गर्दीत तुमच्याकडे स्पर्धेचं हत्यार एकच उरतं, कमी किंमत.

सार्वजनिक ग्रंथालयं हा मराठी प्रकाशनाचा कणखर आधार. अ, ब, क, ड वर्गांच्या ग्रंथालयांना शासनाचं अनुदान येतं आणि खरेदीची घाई आर्थिक वर्षाच्या शेवटी होते, तेव्हा आपल्या पुस्तकांची यादी जानेवारीतच पोचवा. राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाची नवलेखक अनुदान योजना मात्र मुख्यतः ललित साहित्यासाठी आहे, आपलं पुस्तक त्यात बसेलच असं नाही. टपालाने पाठवायचं तर मे २०२५ पासून ज्ञान पोस्ट ही टपाल खात्याची पुस्तकांसाठीची स्वस्त सेवा आहे: ३०० ग्रॅमपर्यंत २० रुपये, पाच किलोपर्यंत १००, वर कर. आत जाहिरातीची पत्रकं घालू नका, आणि आपलं पुस्तक त्यात बसतं का हे खिडकीवर आधी विचारून घ्या.

आता ज्याबद्दल मी कडक आहे ते. आमच्या प्रकारात वचनं स्वस्त असतात. सकारात्मक विचाराने मधुमेह जातो, एकवीस दिवसांत नैराश्य पळतं, असली हस्तलिखितं माझ्याकडे येतात आणि तशीच परत जातात. आजार बरा करण्याच्या जाहिरातींवर १९५४ पासून कायदा आहे, पण कायदा नसता तरी मी ते छापलं नसतं. अभ्यासिकेतल्या चिठ्ठ्यांमध्ये कधी कधी अशी एक येते, की पुस्तकाने उत्तर द्यायचं नसतं, माणसाने द्यायचं असतं. म्हणून माझ्या प्रत्येक पुस्तकात अनुक्रमणिकेच्या समोरच्या पानावर टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनचा १४४१६ हा सरकारी मोफत क्रमांक मोठ्या अक्षरांत असतो. मागे, आभारांच्या खाली नाही. लोकांचे अनुभव वापरताना नाव बदलून भागत नाही. गाव, पद, भावंडांची संख्या यांवरून मेसमधला कुणीही ओळखतो. लिहिलेला परिच्छेद त्या माणसाला वाचायला द्या आणि तो नको म्हणाला तर काढा.

घर पुस्तकांवर चालतं का? माझं चालत नाही, कार्यशाळांवर चालतं. त्यातला धोकाही सांगून ठेवते. कार्यशाळा चांगली चालायला लागली की पुढचं पुस्तक नकळत तिची जाहिरात होतं, दर दोन पानांनी 'हे शिबिरात सविस्तर पाहू' यायला लागतं. वाचकाने २०० रुपये मोजलेत, त्याला उत्तर पुस्तकातच मिळायला हवं. त्यासाठी बाहेरचा संपादक ठेवा. स्वतःच लेखक आणि स्वतःच प्रकाशक असलं की नाही म्हणणारं घरात कुणी उरत नाही. माझ्या संपादकाला शिबिराचा उल्लेख दिसेल तिथे लाल रेघ मारायची मुभा आहे आणि तो ती पुरेपूर वापरतो.

ऑडिओचे हक्क छापील हक्कांच्या करारात गुंडाळू देऊ नका. स्टोरीटेल २०१७ मध्ये भारतात आल्यापासून मराठीत ऐकणारे वाढले आहेत आणि बोलून तयार झालेलं पुस्तक ऐकायला चांगलं लागतं, त्यामुळे तुमच्या बाबतीत हा हक्क छपाईइतकाच मोलाचा ठरू शकतो. मुदत लिहून घ्या, तीन किंवा पाच वर्षं. आणि डिसेंबरात फर्ग्युसनच्या मैदानावर पुणे पुस्तक महोत्सव भरतो, राष्ट्रीय पुस्तक न्यासाने २०२३ पासून सुरू केलेला. तिथे एक-दोन पुस्तकांसाठी एकट्याने स्टॉल घेणं परवडत नाही. तीन-चार छोटे प्रकाशक मिळून घ्या, बिलबुकं मात्र पहिल्या दिवसापासून वेगळी ठेवा.