रात्री भरून ठेवायचा पाव-अंड्याचा बेक : या चुका टाळा

कोकणकन्या एक्स्प्रेस पहाटे दादरला येते. मे महिन्यात मावशीकडची मंडळी त्या गाडीने आली की सहाच्या आत आमच्या प्रभादेवीच्या घरी पोचतात. रात्रभर प्रवास करून आलेली नऊ माणसं, घरचे आम्ही पाच, न्हाणीघर एक आणि शेगड्या दोन. त्यातल्या एकीवर चहा अखंड चालू. चौदा जणांचे पोहे करता येतात, पण एकेक जण आंघोळ उरकून येतो तोवर ते गार होतात, आणि करणारी सगळ्यांत शेवटी बसते. म्हणून काही वर्षांपासून मी पाव, भाज्या, चीज आणि अंडी-दुधाचं मिश्रण रात्रीच ट्रेमध्ये भरून फ्रीजमध्ये ठेवते आणि पहाटे ओव्हनमध्ये सरकवते. अमेरिकेत याला ब्रेकफास्ट कॅसरोल म्हणतात. आपल्याकडे कॅसरोल म्हणजे पोळ्या गरम ठेवायचा डबा, म्हणून आमच्या घरात याचं नाव नुसतं ‘बेक’.

पहिल्यांदा केला तेव्हा मऊ लादी पाव घेतला, टोमॅटो आणि पालक कच्चाच घातला. सकाळी वर छान सोनेरी रंग, आणि उलथनं घातलं तर खाली लगदा. त्याच्याही खाली पाणी. तेव्हापासून हा पदार्थ करताना मी एकाच गोष्टीचा हिशोब ठेवते : पाणी कुठून येणार आणि ते कोण शोषून घेणार. बहुतेक सगळ्या चुका त्या हिशोबातच होतात.

पाव कुठला घेता?

ताजा लादी पाव वडापावसाठी उत्तम, पण रात्रभर दुधात बसला की त्याचा सांगाडा राहत नाही. या कामासाठी मुंबईत सगळ्यांत चांगला पाव आपल्या इराणी आणि जुन्या बेकऱ्यांत मिळतो : ब्रून, म्हणजेच कडक पाव. कवच टणक, आतून जाळीदार. आठ-दहा तास मुरूनही त्याचे तुकडे तुकड्यांसारखे राहतात. एक इंचाचे तुकडे करा. कवच काढू नका, तेच तर आधार देतं.

ब्रून मिळाला नाही तर लादी पाव किंवा स्लाइस ब्रेड चालेल, पण आधी वाळवावा लागेल. इथे बरेच जण फसतात. परदेशी कृतीत ‘शिळा ब्रेड’ लिहिलेलं असतं, म्हणून आदल्या दिवशीचा पाव घेतात. मुंबईच्या दमट हवेत शिळा पाव वाळत नाही, चिवट होतो. पावसाळ्यात पंख्याखाली पसरून ठेवला तरी हवेतला ओलावा त्याला सोडत नाही. तुकडे करून १५० अंशांवर दहा-पंधरा मिनिटं ओव्हनमध्ये ठेवा. वरून कोरडे लागले पाहिजेत, लाल व्हायला नकोत. ओव्हन तापवायचा नसेल तर जाड तव्यावर मंद आचेवर परता.

एवढं करूनही मऊ पाव रात्रभर भिजवू नये असंच मला वाटतं. त्याला दोन-तीन तास पुरतात. मग रात्री ट्रेमध्ये पाव आणि भाज्या भरून झाकून ठेवा, अंडी-दूध वेगळ्या बरणीत फ्रीजमध्ये ठेवा, आणि पहाटे पहिली जी उठेल तिने बरणी हलवून ट्रेमध्ये ओतावी. तासभर मुरलं तरी चालतं.

भाज्या कच्च्या घालू नका

पालक, मशरूम, टोमॅटो यांत नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी असतं. ते पाणी आज ना उद्या सुटणारच, फक्त ते कढईत सुटावं, ट्रेमध्ये नाही. मशरूम मोठ्या आचेवर, झाकण न ठेवता, सुटलेलं पाणी आटेपर्यंत परता. पालक मिनिटभर उकळत्या पाण्यात टाकून काढा आणि मुठीत घट्ट पिळा. एवढा मोठा ढीग आणि हातात लिंबाएवढा गोळा उरला, असं झालं की बरोबर पिळलात. टोमॅटोच्या बिया आणि गर काढून टाका. कांदा गुलाबी परता, कारण कच्चा कांदा रात्रभरात उग्र होतो आणि त्याचा वास फ्रीजभर पसरतो. फ्रोजन मटार आधी बर्फ जाऊ देऊन निथळून घ्या.

बटाट्याचं उलटं आहे. तो पाणी सोडत नाही, पण अंड्याच्या मिश्रणात कच्चा बटाटा शिजतही नाही. अंडं शिजून कडक होईल, बटाटा तसाच कचकचीत राहील. उकडून, फोडी करून, तेलावर परतूनच घाला.

मसाल्याबद्दल एक गोष्ट मला फार उशिरा कळली. या पदार्थाच्या आत फोडणीइतकी उष्णता कधी जातच नाही. त्यामुळे दुधात तिखट किंवा कांदा-लसूण मसाला नुसता कालवला तर तो कच्चाच लागतो. भाज्या परततानाच मसाला तेलात घाला. गोवन चोरीस (गोव्याचं डुकराच्या मांसाचं सॉसेज) घालणार असाल तर ते आधी सुटे करून, तेल सुटून कोरडे होईपर्यंत परता आणि जास्तीचं तेल निथळा. त्यात व्हिनेगर असतं, ओलसर राहिलं तर दूध फाटू शकतं. मीठही भरपूर असतं, तेव्हा वरचं मीठ कमी करा.

आणि सगळं पूर्ण गार करून मगच पावावर पसरा. कढईतल्या गरम भाजीवर अंड्याचं मिश्रण ओतलं तर ते जागोजागी आळतं, आणि गरम ट्रे फ्रीजमध्ये गेला तर शेजारचं दूध-दहीही कोमट होतं.

अंडी, दूध, मीठ

बारा जणांसाठी माझं प्रमाण असं : पाव ४५० ग्रॅम, अंडी १२, दूध ७०० मिलि, परतलेल्या भाज्या अर्धा किलो, चीज २०० ग्रॅम. अमेरिकन कृतीत आठ-दहा अंडी लिहिलेली असतात, पण तिथलं ‘लार्ज’ अंडं आपल्या बाजारातल्या सर्वसाधारण अंड्यापेक्षा मोठं असतं. तीच संख्या घेतली तर बेक नीट धरत नाही, वाढताना मोडतो. दूध फुल क्रीम घ्या. त्यात ६ टक्के फॅट असतं, टोन्ड दुधात ३. टोन्ड दुधाचा बेक पाणचट लागतो.

मीठ हा अंदाजाने घालायचा विषय नाही. पाव एवढं मिश्रण पिऊन टाकतो की चवीला ठीक वाटणारं मीठ सकाळी अळणी लागतं. या प्रमाणाला मी मिश्रणात दीड छोटा चमचा (टीस्पून) मीठ घालते, भाजीचं वेगळं. खात्री करायची असेल तर एक चमचा मिश्रण आणि पावाचा एक तुकडा तव्यावर टाकून शिजवा आणि खाऊन बघा. कच्च्या अंड्याचं मिश्रण चाखू नका.

प्रोसेस्ड चीज नुसतं मऊ होतं, त्याची तार येत नाही. निम्मं ते आणि निम्मं मोझरेला घेतलं तर चव आणि तार दोन्ही मिळतात. कोथिंबीर मात्र आत घालू नका, काळी पडते. वाढताना वरून भुरभुरा.

रात्र फ्रीजमध्येच काढायची

‘सकाळी लावायचंच आहे, ओट्यावरच राहू दे’ असं कोणी म्हणालं तर ऐकू नका. कच्ची अंडी आणि दूध मुंबईच्या उकाड्यात रात्रभर बाहेर म्हणजे आजारपणाला बोलावणं. हवा ३२ अंशांच्या वर असेल तर असा पदार्थ तासाभराहून जास्त बाहेर ठेवू नये. मे महिन्यात घरात सहज तेवढं तापमान असतं. भरल्यापासून भाजेपर्यंत चोवीस तासांच्या पुढे जाऊ नका.

भरलेल्या फ्रीजमध्ये नऊ बाय तेरा इंचांचा ट्रे मावेलच असं नाही, आणि घरगुती ओटीजीत, म्हणजे ओट्यावरच्या छोट्या विजेच्या ओव्हनमध्ये, बहुधा मावत नाही. दुकानातून ट्रे आणण्याआधी ओटीजी आतून मोजा. मी आठ इंचांचे दोन चौकोनी केक टिन वापरते. दोन्ही ओटीजीत एकावर एक ठेवू नका. वरच्याला खालची आच मिळत नाही, खालच्याला वरची. आधी एक, पाऊण तासाने दुसरा. पहिली पंगत उठते तोवर दुसरा तयार होतो, आणि उशिरा आंघोळीला गेलेल्यालाही गरम मिळतं.

भाजताना

ओव्हन १७५ अंशांवर आधी तापवून घ्या. कन्वेक्शनचा पंखा चालू असेल तर १६० पुरे. ट्रे अर्धा तास आधी बाहेर काढा. काचेचा असेल तर हे विसरूच नका, फ्रीजमधली गार काच तापलेल्या ओव्हनमध्ये तडकू शकते. पहिली पंचवीस-तीस मिनिटं फॉइलने झाका, मग उघडं करून पंधरा-वीस मिनिटं. फॉइल न लावता भाजणं ही सगळ्यांत जास्त होणारी चूक. ओटीजीचा वरचा रॉड जवळ असतो, चीज करपतं आणि मध्यभाग पातळच राहतो.

झालं कसं ओळखायचं? मधोमध सुरी घाला, पातळ अंडं लागता कामा नये. टिन हलकेच हलवा, मध्यभाग थरथरला तर चालेल, लाटेसारखा हलला तर नाही. थर्मामीटर असेल तर मध्यभागी ७१ अंश. त्याच्या फार पुढे नेऊ नका. जास्त तापलं की अंडं आवळतं आणि आतलं पाणी पिळून बाहेर टाकतं. म्हणजे कमी भाजलं तरी पाणी, जास्त भाजलं तरी पाणी.

बाहेर काढल्यावर दहा-पंधरा मिनिटं वाफ जिरू द्या. मुलं ताटल्या वाजवत असली तरी थांबा, नाहीतर वड्या पडत नाहीत. आणि गरम राहावा म्हणून आपल्या त्या पोळ्यांच्या कॅसरोलमध्ये भरू नका. झाकणाला वाफ धरते आणि थेंबथेंब परत खाली पडते. टिनवरच फॉइल सैल टाका.

सकाळीच बिघडलं तर

तळाशी पाणी दिसलं : टिन तिरका करून चमच्याने काढा, उघडाच दहा मिनिटं परत लावा. कोरडा झाला : गरम दुधाचा हात फिरवून पाच मिनिटं झाका. अळणी झाला : हिरवी चटणी जरा मिठाची करा. वीजच गेली : जाड बुडाच्या पॅनमध्ये तूप सोडून दोन बोटं जाडीचा थर घाला, झाकण ठेवून मंद आचेवर पंधरा-वीस मिनिटं, मग थाळीवर उलटून दुसरी बाजू. थालीपिठाइतकाच खमंग होतो.

राहिला तो वाराचा प्रश्न. चौदा जणांत कुणाचा तरी गुरुवार असतो, कुणाची संकष्टी, आणि श्रावणात तर अर्धं घर अंडं खात नाही. त्यांच्यासाठी याच बेकमध्ये अंड्याऐवजी बेसन कालवण्याचा प्रयोग मी दोनदा केला आणि सोडून दिला. रात्रभरात पाव विरघळतो आणि बेसनाचा गचका होतो. त्यापेक्षा रवा, दही, किसलेला दुधी आणि आलं-मिरचीचं मिश्रण रात्री कालवून ठेवा, सकाळी सोडा घालून वेगळ्या टिनमध्ये भाजा. तो टिन पहिला लावा, सुरी आणि उलथनं वेगळं ठेवा, आणि मावशीला विचारायला लागू नये म्हणून टेबलावर तिच्याच बाजूला ठेवा.