शिनह्वाचे चाहतेपण दीर्घकाळ कसे टिकवावे

एरिक, ली मिन-वू, किम दोंग-वान, शिन हे-सुंग, जुन जिन आणि अँडी या सहा जणांचा शिनह्वा हा कोरियन गायक-गट २४ मार्च १९९८ रोजी रंगमंचावर आला. त्याच्यावर लोभ जडला असेल, तर सर्वप्रथम वाट पाहण्याची सवय लावून घ्यावी. सदस्यांच्या सक्तीच्या लष्करी सेवेमुळे २००८ मधील अल्बमनंतर थेट २०१२ पर्यंत गटाचा एकही अल्बम आला नाही, आणि २०१८ नंतरचा खंड तर त्याहूनही लांबला. अशा काळात सदस्यांची एकल गाणी, मालिका आणि २०२२ मध्ये तिघांनी काढलेला उपगट यांकडे लक्ष ठेवावे. केवळ सहाजणांच्या पुनरागमनाची आस धरणारा चाहता लवकर थकतो.

गटाचा व्यावहारिक इतिहासही जाणून घ्यावा. २००३ मध्ये सदस्यांनी एसएम एंटरटेन्मेंट ही मूळ कंपनी एकत्रच सोडली, परंतु ‘शिनह्वा’ या नावाचा हक्क त्यांच्या हाती येण्यास २०१५ साल उजाडले. हे ठाऊक असले, की या सहाजणांनी एकही सदस्य न बदलता एकत्र राहण्याचे मोल नीट कळते.

निष्ठा म्हणजे वकिली नव्हे. शिन हे-सुंग यांना मद्यचाचणीस नकार दिल्याच्या प्रकरणात २०२३ मध्ये न्यायालयाने दोषी ठरवले, तेव्हा त्यांची बाजू सावरत बसण्याचे कारण कोणत्याही चाहत्याला नव्हते. गाणी आवडतात आणि कृत्य चुकीचे आहे, ही दोन्ही वाक्ये एकाच माणसाला बोलता येतात.

प्रेम दाखवण्याची रीत जुन्या चाहत्यांकडूनच शिकावी. कोरियात कार्यक्रमस्थळी पुष्पचक्रे पाठवण्याचा प्रघात आहे. त्याऐवजी तांदळाची पोती पाठवून नंतर ती गरजूंना देण्याची पद्धत रुजवण्यात शिनह्वाच्या चाहत्यांचा वाटा मोठा आहे. नारिंगी रंगाच्या वस्तू जमवण्यापेक्षा (तो त्यांचा रंग, म्हणून मोह होणारच) दरवर्षी मार्चमध्ये वर्धापनदिनानिमित्त आपल्या गावातील एखाद्या अन्नछत्राला धान्य द्यावे.

खर्चाला मात्र मर्यादा घालावी. एकाच अल्बमच्या अनेक आवृत्त्यांपैकी एकच घ्यावी, चार जणांनी मिळून मागवावी आणि टपालखर्च व सीमाशुल्क आधीच हिशेबात धरावे. कोरियात नवी गाणी बहुधा संध्याकाळी सहाला प्रसिद्ध होतात. भारतात तेव्हा दुपारचे अडीच वाजलेले असतात, त्यामुळे नोकरदारांनी ती सुटी झाल्यावर निवांत ऐकावीत.