रोहिणी लागायच्या आत विहिरीच्या पाण्याची बाटली भरा, आणि लॅबला ‘युरेनियम’ वेगळं लिहून द्या

मेचा शेवटचा पंधरवडा. विहिरी तळाला गेल्यात, बोअर दम खातंय. या दिवसांत पाण्यात जे काही विरघळलेलं असतं ते दाट झालेलं असतं, म्हणून पाणी तपासायला वर्षातली ही सगळ्यात चांगली वेळ. बियाणं, खत, ट्रॅक्टरवाल्याचा नंबर या धांदलीत एक सकाळ या कामाला काढा. नेहमीच्या तपासणीत सामू, क्षार, फ्लोराईड, नायट्रेट येतं. युरेनियम येत नाही, ते मुद्दाम मागावं लागतं. गावात पाणीपुरवठ्यासाठी जो तपासणी किट असतो त्यातही ते कळत नाही.

आपल्याकडे कुठे आलीय युरेनियमची खाण, असं कुणीही विचारेल. खरंच नाही आली. देशातल्या खाणी आहेत त्या झारखंडात जमशेदपूरच्या आसपास, आणि आंध्रच्या कडप्पा जिल्ह्यात तुम्मलपल्लेला. कर्नाटकात यादगीर जिल्ह्यातल्या गोगीला साठा सापडलाय. तो भाग भीमेच्या खोऱ्यातलाच, फक्त आपल्या खालच्या अंगाला. मग आपण डोकं का शिणवायचं? एक तर युरेनियम पाण्यात यायला खाणच लागते असं नाही. दुसरं, तुम्मलपल्लेच्या शेतकऱ्यांवर जी वेळ आली ती वीज केंद्राच्या राखेच्या तलावाशेजारी, साखर कारखान्याच्या नाल्याकाठी, कोळसा खाणीच्या ढिगाऱ्याखाली कुणावरही येऊ शकते. त्यांच्याकडून शिकायचं ते एवढंच की पाणी बिघडायच्या आधीचा कागद हातात हवा.

तुम्मलपल्लेला काय झालं

तुम्मलपल्ले येतं तो पुलिवेंदुलाचा भाग केळी आणि मोसंबीचा. जळगावच्या किंवा जालन्याच्या माणसाला तिथलं शिवार परकं वाटणार नाही. कमी पावसाचा मुलूख, सगळी भिस्त बोअरवर. २०१२ मध्ये इथला दगडातून युरेनियम काढायचा कारखाना सुरू झाला. इथल्या खडकात युरेनियम जेमतेम ०.०४ टक्के, म्हणजे एक टन दगड दळला की ४०० ग्रॅमच्या आसपास माल हाती येतो. उरलेला जवळपास अख्खा टन पाण्याबरोबर रबडी होऊन एका मोठ्या तलावात जातो. त्याला टेलिंग पाँड म्हणतात. दगड गेला, गाळ राहिला, आणि मूळ दगडातल्या किरणोत्सारातला सुमारे ८५ टक्के भाग त्या गाळातच राहिला, कारण युरेनियमची रेडियमसारखी किरणोत्सारी भावंडं कारखान्याला नको असतात. रेडियम निम्मं व्हायला १,६०० वर्षं लागतात.

जमशेदपूरकडच्या जादूगुड्यात दगडातून युरेनियम काढायला गंधकाम्ल वापरतात. तुम्मलपल्लेचा खडक चुनखडीच्या जातीचा, त्यात आम्ल ओतलं तर ते सगळं चुनखडीच खाऊन टाकेल. म्हणून तिथे सोडियम कार्बोनेट आणि बायकार्बोनेट वापरतात, म्हणजे धुण्याचा सोडा आणि खायचा सोडा. शेतकऱ्याने इथे कान टवकारायला हवेत. किरणोत्साराचं नंतर बघू, पण सोडा मिसळलेलं पाणी जमिनीत उतरलं तर काय होतं हे आपल्याला पुस्तक न उघडता माहीत आहे. जमीन चोपण होते. सोडियम मातीच्या कणाला चिकटतो, ढेकूळ फुटून चिखल होतो, वाळला की सिमेंट. वर पांढरा थर, खाली पाणी मुरत नाही, केळीच्या पानांच्या कडा जळतात.

टेलिंग पाँडच्या कडेच्या कोट्टाळ, मब्बुचिंतलपल्ले या गावांतल्या शेतकऱ्यांची तक्रार नेमकी हीच होती: माती पांढरी पडली, बोअरचं पाणी खारट झालं, केळी वाळली. तलावाच्या तळाला चिकणमातीचं आणि प्लॅस्टिकचं अस्तर घालायची अट होती. त्याच अस्तरावरून २०१८ मध्ये आंध्रच्या प्रदूषण नियंत्रण मंडळाने कंपनीला कारणे दाखवा नोटीस काढली. कंपनीचं म्हणणं असं की तलाव गळत नाही, या खडकातल्या पाण्यात युरेनियम मुळातच असतं.

आता बघा, दुसरं वाक्य अगदीच खोटं म्हणता येत नाही. युरेनियमच्या खडकातल्या बोअरला युरेनियम असायचंच. पण खाण सुरू व्हायच्या आधी ते किती होतं, आणि सोडियम किती होता? शेतकऱ्याकडे आपल्या बोअरचा २०१० सालचा एक साधा रिपोर्ट असता तर भांडण तिथेच निम्मं मिटलं असतं. तारखेचा कागद नसला की ‘आधी गोड होतं हो’ एवढंच म्हणता येतं, आणि ते कुणी लिहून घेत नाही.

बेसाल्टवाले आणि ग्रॅनाईटवाले

आपला दख्खनचा काळा खडक, म्हणजे बेसाल्ट, युरेनियमच्या बाबतीत गरीब. नाशिक, पुणे, सोलापूर, अकोला इथल्या बहुतेक विहिरींना या एका गोष्टीची चिंता कमी. खडक बदलला की गोष्ट बदलते. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूरचा पूर्व भाग, नांदेडमधलं देगलूर-बिलोली, कोकणात सिंधुदुर्ग, इथे ग्रॅनाईट आणि त्याचे जुने सोयरे आहेत. ग्रॅनाईटमध्ये बेसाल्टच्या कितीतरी पट युरेनियम असतं. गावात दातांवर पिवळे-तपकिरी डाग असलेली माणसं दिसत असतील, म्हणजे फ्लोराईडचा त्रास असेल, तर युरेनियमची तपासणी टाळूच नका. दोघांचं बिऱ्हाड पुष्कळदा एकाच खडकात असतं.

आणि हे ऐकून युरियाच्या गोणीकडे जरा बघा. खडकातलं युरेनियम एरवी घट्ट बसलेलं असतं. युरियातून पाण्यात नायट्रेट वाढलं की ते सुटं होतं, आणि बायकार्बोनेट असलं की विरघळून चालू लागतं. अमेरिकेतल्या नेब्रास्का विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१५ मध्ये दोन मोठ्या भूजलसाठ्यांच्या नोंदी तपासून नायट्रेट आणि युरेनियमचा हा संबंध मांडला. आपल्याकडे केंद्रीय भूजल मंडळाच्या अलीकडच्या अहवालात महाराष्ट्रातल्या एक तृतीयांशाहून जास्त नमुन्यांत नायट्रेट ४५ मिलिग्रॅमच्या मर्यादेवर निघालं; वर्धा, बुलढाणा, अमरावती, यवतमाळ, नांदेड, बीड, जळगाव या नावांचा त्यात उल्लेख आहे. म्हणून यंदा युरिया एकदम फेकू नका. दोन-तीन हप्त्यांत, ओल बघून, मुळाशी द्या. मोठा पाऊस अंगावर असताना दिलेला युरिया पिकाला कमी आणि विहिरीला जास्त मिळतो. उकिरडा विहिरीपासून लांब, उताराच्या खालच्या अंगाला हवा. हे आजोबाही सांगायचे, कारण तेवढं वेगळं होतं.

बाटली कशी भरायची

दोन बाटल्या लागतात, दोन्ही प्लॅस्टिकच्या. युरेनियमसाठीच्या बाटलीत लॅब थोडं नायट्रिक आम्ल घालून देते, म्हणजे धातू बाटलीच्या भिंतीला चिकटत नाही. ती बाटली विसळायची नाही, हात लागू द्यायचा नाही, सरळ भरून झाकण लावायचं. दुसरी बाटली साध्या तपासणीची: सामू, ईसी (पाण्यातल्या क्षारांचा अंदाज देणारी विद्युतवाहकता), सोडियम, कॅल्शियम, बायकार्बोनेट, नायट्रेट, फ्लोराईड. ही त्याच पाण्याने तीनदा विसळून काठोकाठ भरा आणि सावलीत, गार ठेवून त्याच दिवशी पोहोचवा. कोल्ड्रिंकची रिकामी बाटली चालणार नाही.

पंप दहा-पंधरा मिनिटं चालू द्या, मग नमुना घ्या. पाइपात रात्रभर साचलेलं पाणी विहिरीचं नसतं. ड्रिपच्या फिल्टरनंतर नाही, टाकीच्या तोटीतून नाही, थेट डिलिव्हरीतून. लेबलवर तारीख, वेळ, गट नंबर, बोअरची खोली, पाणी किती फुटांवर आहे ते लिहा. मोबाइलवर बाटली आणि बोअर एकाच चौकटीत येईल असा फोटो काढा.

द्यायचं कुठे? भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेच्या जिल्हा प्रयोगशाळेत आधी विचारा. तिथे युरेनियम होत नसेल तर ते कुठे होतं हे तिथलेच लोक सांगतील. खासगीत जायचं तर एनएबीएलची (प्रयोगशाळांना मान्यता देणाऱ्या राष्ट्रीय मंडळाची) मान्यता आहे का, आणि ती मान्यता युरेनियमसाठीही आहे का, हे दोन्ही विचारा. पैसे वाचवायचे असतील तर वस्तीवरच्या चार-पाच जणांनी मिळून सगळ्यात खोल एक बोअर आणि पिण्याची एक विहीर एवढंच तपासा.

रिपोर्ट आला की आधी एकक बघा. पिण्याच्या पाण्यासाठी भारतीय मानक लिटरला ०.०३ मिलिग्रॅम, म्हणजेच ३० मायक्रोग्रॅम. एका लॅबचा कागद ०.०४ दाखवतो, दुसऱ्याचा ४०. दोन्ही एकच, आणि दोन्ही मर्यादेबाहेर. अणुऊर्जा नियामक मंडळाची मर्यादा ६० आहे, त्यामुळे कुणी ‘चालतंय की’ म्हणेल. घरात लहान मूल किंवा गरोदर बाई असेल तर मी ३० च धरेन.

ओलितासाठी त्याच कागदावरचे दुसरे आकडे महत्त्वाचे. सामू ८.५ च्या वर, ईसी २.२५ डेसिसायमन प्रति मीटरच्या वर, आणि शिल्लक सोडियम कार्बोनेट (आरएससी) लिटरला २.५ मिलिइक्विव्हॅलंटच्या वर असेल तर ते पाणी केळी, मोसंबी, द्राक्षाला नको. शिल्लक कार्बोनेट १.२५ ते २.५ च्या मध्ये असेल तर पावसाच्या पाण्याशी मिसळून, जिप्सम देऊन, चर काढून निभावता येतं. जूनमध्ये धैंचा पेरून दीड महिन्यात गाडला तर चोपण जमीन थोडी मोकळी होते. चर न काढता नुसतं जिप्सम टाकणं म्हणजे साबण लावून पाणी न घेणं. पिकातून युरेनियम पोटात जायची भीती लोक जास्त धरतात. ते बहुतेक मातीला आणि मुळांना चिकटून राहतं, दाण्यात-फळात फार थोडं चढतं. मुळा, गाजर, रताळं मात्र नीट धुऊन, साल काढून खा.

पावसाळ्यात कुठे लक्ष ठेवायचं

जादूगुड्यात २४ डिसेंबर २००६ ला गाळ नेणारा पाइप फुटला आणि काही तास गाळ नाल्यात वाहत राहिला. तो नाला पुढे सुवर्णरेखेला मिळतो. अमेरिकेत न्यू मेक्सिकोत चर्च रॉकला १६ जुलै १९७९ च्या पहाटे टेलिंग पाँडचा बांध फुटून सुमारे ३५ कोटी लिटर आम्लाचं पाणी पुएर्को नदीत गेलं. काठावर नवाहो लोकांची मेंढरं त्याच नदीवर पाणी पीत. त्या बांधाला भेगा आधीच दिसल्या होत्या. आपल्याकडे २०२२ च्या जुलैत नागपूरजवळ खसाळ्याचा राखेचा बांध पावसात फुटला आणि राख शेतांत, नदीत गेली. तीनही ठिकाणी माल वेगळा, रस्ता एकच: नाला, मग नदी, मग काठावरची विहीर.

म्हणून मृगाच्या आधी एकदा नाल्याने वर चालत जा. पाणलोटाची कामं करताना आपण माथा ते पायथा बघतो, तसंच. वर कुठे खाणीचा ढिगारा, राखेचा किंवा सांडपाण्याचा तलाव, गाळाचा पाइप आहे का? बांधाच्या पायथ्याशी कोरड्या उन्हाळ्यात ओल किंवा पांढरा फटफटीत पट्टा दिसला तर फोटो, तारीख, आणि ग्रामपंचायतीत लेखी अर्ज, पोच घेऊन. तिथे जनावरं सोडू नका. मीठ चाटायला गुरं अशाच जागी धावतात. अशा नाल्याचं पाणी विहीर पुनर्भरणात घेऊ नका, शेततळ्यातही वळवू नका. पुनर्भरण चांगलंच आहे, पण कुठलं पाणी भरतोय ते बघून.

आकडा वाढलेला निघाला तर

घाबरून बोअर बुजवू नका. युरेनियमचा पहिला मार मूत्रपिंडावर असतो, तोही किरणांपेक्षा धातू म्हणून, आणि वर्षानुवर्षं रोज प्यायल्याने. चार दिवसांत काही होत नाही. पण पिण्याचं पाणी लगेच बदला. उकळून उपयोग नाही, पाणी आटतं आणि युरेनियम उरतं. तुरटी, क्लोरीनची भुकटी, मडक्यातली वाळू यांचंही तेच. आरओने ते बऱ्यापैकी निघतं, पण मशीनच्या दुसऱ्या नळीतून पडतं ते पाणी मूळ पाण्यापेक्षा दाट असतं. ते परसातल्या मेथीला घालू नका, विहिरीजवळच्या शोषखड्ड्यातही नको. शौचालयाला, अंगण धुवायला वापरा. पत्र्याच्या छपराचं पावसाचं पाणी, पहिले दोन पाऊस सोडून, टाकीत धरलं तर पिण्यापुरतं ते सगळ्यात स्वस्त.

रिपोर्टची एक प्रत घरी सातबाऱ्याच्या फायलीत, एक ग्रामपंचायतीत आवक नोंद करून. दुसऱ्या बाटलीची तारीखही आत्ताच कॅलेंडरवर लिहा: परतीचा पाऊस थांबल्यावर, हरभऱ्याचं पहिलं पाणी सुरू व्हायच्या आत. त्याच पंपातून, तितकीच मिनिटं पाणी सोडून, त्याच लॅबमध्ये.