विणकामाचं पुस्तक घेताना आधी सुयांचा नंबर बघा

परदेशी पुस्तकातल्या स्वेटरांवर भाळण्याआधी ते अमेरिकेचं की इंग्लंडचं, हे बघा. आपल्याकडे सुया बहुधा जुन्या ब्रिटिश नंबरांनी मिळतात. नंबर जितका मोठा, तितकी सुई बारीक. अमेरिकेत नेमकं उलट. आपली 8 नंबरची सुई 4 मिलिमीटरची, तर त्यांची 8 नंबरची 5 मिलिमीटरची. हे न बघता मी भाच्यासाठी विणलेला स्वेटर शेवटी त्याच्या धाकट्या बहिणीला बसला! म्हणून नंबर सोडा, मिलिमीटर बघा.

क्रोशात तर टाक्यांच्या नावांचा आणखी गोंधळ. अमेरिकेचं सिंगल क्रोशे म्हणजे इंग्लंडचं डबल, आणि अमेरिकेचं डबल म्हणजे इंग्लंडचं ट्रेबल. नमुन्यात ‘सिंगल क्रोशे’ दिसलं की पुस्तक अमेरिकन पद्धतीचं समजा. आजच्या ब्रिटिश नमुन्यांत तो शब्द सहसा येत नाही. पहिल्या पानावर पेन्सिलीने तशी नोंद करून ठेवा.

जपानी पुस्तकं मात्र, अक्षर कळत नसलं तरी, जरूर चाळा. त्यांत नमुना खुणांच्या आकृतीत असतो: छोटं लंबवर्तुळ म्हणजे साखळीचा टाका, इंग्रजी T च्या उभ्या रेघेवर एक काट म्हणजे खांबाचा टाका. मापाचे आकडेही आपल्या ओळखीचे, सेंटिमीटरमधले.