त्सुकामोतोचे सिनेमे कुठून सुरू करावेत, कसे पाहावेत

जपानी दिग्दर्शक शिन्या त्सुकामोतो पाहायचा तर १९८९च्या 'टेट्सुओ: द आयर्न मॅन'पासूनच सुरुवात करा. आधी त्याचं काहीतरी सौम्य बघ, असं कुणी सुचवलं तर ऐकू नका. ६७ मिनिटांचा कृष्णधवल सिनेमा, १६ मिमी फिल्मवर चित्रित केलेला. दाढी करताना एका नोकरदाराला गालात धातूचा काटा दिसतो आणि तिथून त्याचं शरीर लोखंड होत जातं. एवढी गोष्ट माहीत असली की पुरे. संवाद मोजके आहेत, त्यामुळे सबटायटल्सपेक्षा आवाजाची सोय चांगली करा. चू इशिकावाचं धातूवर घणाघात करणारं संगीत मोबाइलच्या स्पीकरवर ऐकणं म्हणजे अर्धा सिनेमा सोडून देणं.

मी संकलन करते, म्हणून माझी पद्धत सांगते. सिनेमा एकदा सलग पाहून घ्या. मग रस्त्यांवरून सुसाट जाण्याचा तुकडा परत लावा आणि एकेक फ्रेम पुढे सरकवा. तिथे नट धावत नाहीये! एक फ्रेम टिपायची, नटानं थोडं सरकून पुन्हा स्थिर उभं राहायचं, मग पुढची फ्रेम. माणसाची अशी बाहुली केल्यामुळे त्याच्या वेगात काहीतरी अमानवी येतं. आता तोच तुकडा आवाज बंद करून बघा, नंतर आवाजासकट. भीती कुठून येते ते तुमचं तुम्हालाच सापडेल.

हे तंत्र पैशानं आलेलं नाही. 'टेट्सुओ'आधी त्सुकामोतो ८ मिमीवर सिनेमे करत होता. १९८७च्या तशाच एका सिनेमाला जपानमधल्या पिया चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला होता. 'टेट्सुओ'त लेखन, दिग्दर्शन, संकलन त्याचं, आणि स्वतःच्या मांडीत लोखंड खुपसणारा माणूसही तोच. प्रेयसीचं काम करणाऱ्या केई फुजिवारानं कॅमेराही सांभाळला. इतक्या थोड्या हातांनी केलेलं काम पडद्यावर इतकं दाट दिसतं, याचं मला आजही अपार कौतुक वाटतं.

पुढे 'टोकियो फिस्ट' (१९९५) घ्या. इथे लोखंड नाही, बॉक्सिंग आहे. शरीर बदलतं ते ठोशांनी. त्यानंतर 'अ स्नेक ऑफ जून' (२००२): निळसर छटेतलं चित्रण आणि सतत कोसळणारा पाऊस. टेट्सुओचा दुसरा भाग मागे राहिला तरी चालेल.

'कोतोको' (२०११) मात्र जपून. एका आईला माणसं दोन-दोन दिसतात आणि त्यातलं खरं कोण हे तिला कळत नाही. स्वतःला इजा करण्याची दृश्यं थेट आहेत; मन थकलेलं असेल तर हा सिनेमा पुढे ढकला. गायिका कोक्कोचा अभिनय मात्र चुकवू नका, ती गाते तेव्हा कॅमेरा तिला पुरेसा वेळ देतो.

'नोबी' (२०१४) शेवटी ठेवा. फिलिपिन्समधल्या उपाशी जपानी सैनिकांची ही कथा त्यानं स्वतःच निर्माता होऊन केली, मुख्य भूमिकाही त्याचीच. ती युद्धपट म्हणून नको, भयपट म्हणूनच पाहा.